संगमरवरी हात : चौथ्या महिन्याची नोंद

गेल्या रविवारी करंगळी दगडातून सुटली. सगळी नाही, टोकाचं पेर आणि नखाची कड तेवढी. पण प्लास्टरचा हात शेजारी ठेवला की दोन्हीकडे तीच करंगळी दिसते, आणि चार महिन्यांत हे पहिल्यांदाच घडतंय.

आधीच्या नोंदी ज्यांनी पाहिल्या नाहीत त्यांच्यासाठी थोडक्यात. या कामाचं मूळ अमेरिकन शिल्पकार हायरम पॉवर्सच्या ‘लूलीज हँड’मध्ये आहे. पॉवर्स १८०५ साली व्हरमाँटमध्ये जन्मला. सिनसिनाटीत घड्याळं आणि ऑर्गन बनवणाऱ्या कारखान्यात यंत्रांवर हात बसला, मग तिथल्याच एका संग्रहालयासाठी त्याने मेणाचे पुतळे केले. १८३७ मध्ये तो फ्लोरेन्सला गेला आणि १८७३ मध्ये तिथेच वारला. अमेरिकेत परत आलाच नाही. फ्लोरेन्समध्ये १८३९ साली त्याने आपल्या तान्ह्या मुलीचा, लुईसाचा म्हणजेच लूलीचा, हात फुलाच्या पाकळ्यांतून वर येताना संगमरवरात कोरला. त्याचे मोठमोठे पुतळे गाजले, पण मला हे छोटं काम सगळ्यांत जवळचं वाटतं. मनगटाला पडणारी ती गुबगुबीत घडी पाहून ज्याला हात सुचणार नाही असा बाप विरळा.

मी त्याची नक्कल करत नाहीये. माझी भाची दीड वर्षाची आहे. ती दुपारी झोपली की मी शाडूचा गोळा घेऊन तिच्या शेजारी बसायचे. अशा अकरा दुपारी लागल्या. शाडूवरून साचा, साच्यातून प्लास्टरचा हात. साचा फोडताना तर्जनीचं टोक उडालं. तो दिवस फार वाईट गेला. पण पॉवर्सबद्दल वाचलेलं तेव्हाच उपयोगी पडलं. त्याला प्लास्टर म्हणजे मातीचा नुसता ठसा वाटत नसे. प्लास्टरवरच तो कापायचा, घासायचा, भर घालायचा. त्यासाठी त्याने भोकं असलेली कानस तयार केली आणि तिचं पेटंटही घेतलं. साधी कानस प्लास्टरवर चार वेळा फिरवा, दाते भरून जातात. भोकं असली की भुगा आरपार निघून जातो. जिप्सम बोर्डाच्या कडा घासायला जाळीसारखी कानस मिळते, तीच मी वापरली. तर्जनी नव्याने घडवली आणि खरं सांगायचं तर ती आधीपेक्षा चांगली झाली.

आता टिंबांबद्दल, म्हणजे प्लास्टरवरून दगडावर मापं नेण्याच्या बिंदूंबद्दल, कारण गेला अख्खा महिना त्यातच गेलाय. वॉशिंग्टनच्या स्मिथसोनियन अमेरिकन आर्ट म्युझियममध्ये पॉवर्सच्या ‘ग्रीक स्लेव्ह’चा, म्हणजे साखळीने जखडलेल्या ग्रीक गुलाम स्त्रीचा, १८४३ सालचा मूळ प्लास्टर पुतळा आहे. त्याच्या अंगावर जागोजागी धातूचे बारीक बिंदू रोवलेले आहेत. फोटो मोठा करून पाहिला तेव्हा आधी मला ते डाग वाटले होते. त्या बिंदूंवरूनच फ्लोरेन्सच्या कारागिरांनी मापं उचलली आणि या एका आकृतीच्या सहा पूर्णाकृती संगमरवरी प्रती झाल्या. शेवटच्या प्रतीत मनगटांतली साखळी जाऊन सरळ दांड्याची बेडी आली आहे. अमेरिकेतली गुलामगिरी तोवर कायद्याने संपली होती, त्यामुळे हा बदल मला नुसता सजावटीचा वाटत नाही.

मापं उचलायचं माझं यंत्र असं आहे. लाकडी पट्ट्यांची टी-आकाराची चौकट, तिला तीन टोकं. प्लास्टरवर तीन पक्क्या खुणा आहेत, दोन खाली बैठकीवर आणि एक वर. दगडावर तशाच तीन. चौकट दोन्हीकडे हुबेहूब तशीच बसते. चौकटीवर हलणारा दांडा, दांड्यात सायकलचा स्पोक आणि स्पोकवर थांबा म्हणून वायरिंगच्या पट्टीतला पितळी कनेक्टर, स्क्रूसकट. स्पोकचं टोक प्लास्टरला टेकवायचं आणि कनेक्टर कसायचा. मग चौकट दगडावर ठेवायची. स्पोक आधीच अडतो; कनेक्टर आणि दांडा यांच्यात उरलेलं अंतर म्हणजे काढायचा दगड. तेवढं भोक पाडायचं, एक मिलिमीटर राखून. १४० टिंबांपैकी ६३ झाली आहेत. भोकांच्या मधला दगड आधी टोकदार छिन्नीने, मग दातेरी छिन्नीने उतरवते. दगड मकराण्याचा, देव्हारे करणाऱ्या दुकानातून उरलेला तुकडा. धूळ फार उडते, मास्क लावल्याशिवाय छिन्नी हातात घेऊ नका.

हे करताना शिल्पकार हॅरिएट हॉस्मर रोज आठवते. १८३० साली मॅसॅच्युसेट्समधल्या वॉटरटाउनला जन्मलेली ही मुलगी शरीरशास्त्र शिकायला सेंट लुईसला गेली आणि १८५२ मध्ये रोमला. तिथे तिने जॉन गिब्सनकडे काम शिकलं. बेड्यांतली राणी ‘झेनोबिया’ तिने घडवली आणि लंडनमध्ये मांडली, तेव्हा कुजबुज छापून आली की हे तिच्या इटालियन कारागिराचं काम आहे. तिने मानहानीचा दावा लावला. १८६४ मध्ये ‘अटलांटिक मंथली’त लेख लिहून शिल्प कसं घडतं ते टप्प्याटप्प्याने सांगितलं: मातीतली कल्पना शिल्पकाराची, मापं उचलणं आणि दगड उतरवणं कारागिरांचं, हे सगळेच करतात. पुरुषांना जे कुणी विचारलं नाही ते तिला विचारलं गेलं. ६३ टिंबं पाडल्यावर मी ठामपणे तिच्या बाजूने आहे. यंत्र तुम्हाला कातडीच्या एक-दोन मिलिमीटरपर्यंत आणून सोडतं. करंगळीचं नख त्या उरलेल्या मिलिमीटरमध्ये होतं आणि ते कुठल्याच टिंबावर नव्हतं.

त्याच काळातल्या अमेरिकन शिल्पकार एडमोनिया लुईसने याच संशयावर दुसरा मार्ग काढला. वडील कृष्णवर्णीय, आई ओजिब्वे वंशाची. रोममध्ये तिने शक्यतो स्वतःच दगड कोरला, कुणाला बोलायला जागा नको म्हणून. तिची ‘डेथ ऑफ क्लिओपात्रा’ सुमारे १,३६० किलोंची आहे. १८७६ च्या फिलाडेल्फिया प्रदर्शनात ती मांडली होती. नंतर ती शिकागोच्या एका दारूच्या गुत्त्यात, मग शर्यतीच्या मैदानावर क्लिओपात्रा नावाच्या घोडीच्या थडग्यावर आणि पुढे एका गोदामाच्या आवारात पडून राहिली. १९९४ मध्ये ती स्मिथसोनियनकडे आली. अनेक वर्षं उन्हापावसात राहून तिचा दगड झिजला. मी माझ्या छोट्या तुकड्याला रात्री ओलं फडकं गुंडाळून ठेवते, तेव्हा ती घोडी आणि तो पाऊस डोळ्यांसमोर येतो.

पुढचं काम अंगठा. अंगठा आणि तळहात यांच्यामधली पोकळी आत वळते आणि सरळ स्पोक तिथे पोचत नाही. स्पोक वाकवला तर माप चुकतं. दांडाच वेगळ्या कोनात बसवून पाहिला, तर चौकट डुगडुगते. कुणी अशा आतल्या वळणात टिंब घेतलं असेल तर कसं घेतलं ते सांगा. तोवर मी मधल्या बोटाची उरलेली नऊ भोकं पाडून घेते, अंगठ्याला छिन्नी लावत नाही.