चार्ल्स पर्किन्स : तलाव उघडला, ठराव तसाच राहिला

नागपुरात चवदार तळ्याचा लढा शाळकरी पोरांनाही ठाऊक असतो. त्यामुळे ऑस्ट्रेलियाच्या चार्ल्स पर्किन्स यांची आदिवासींच्या हक्कांची लढाई इथल्या अभ्यासिकांमध्ये समजावून सांगायला फार वेळ लागू नये.

पर्किन्स 1936 साली अ‍ॅलिस स्प्रिंग्जला जन्मले. आई अरेर्न्ट या आदिवासी जमातीच्या, वडील कालकाडून जमातीचे. फुटबॉलच्या बळावर ते इंग्लंडपर्यंत जाऊन आले आणि मग सिडनी विद्यापीठात शिकायला लागले. 12 फेब्रुवारी 1965 ला सुमारे तीस विद्यार्थ्यांसह ते बसने निघाले. पद्धत ठरलेली होती: गावात गेल्यावर घर, आरोग्य, शिक्षण यांचं सर्वेक्षण करायचं आणि आदिवासींशी भेदभाव दिसेल तिथं निदर्शनं करायची. सोबत टेपरेकॉर्डर होता, म्हणून गावकऱ्यांची तोंडची भाषा पुढे रेडिओवर गेली. वॉलगेटला माजी सैनिकांचा क्लब युद्धावर जाऊन आलेल्या आदिवासींनाही सदस्य करून घेत नव्हता. तिथं ते दिवसभर उभे राहिले. गाव सोडताना एका ट्रकने बस रस्त्याखाली उतरवली.

खरा धडा मोरी या गावात मिळाला. तिथल्या नगरपालिकेने 1955 मध्येच ठराव करून जलतरण तलाव आदिवासींना बंद केला होता. शाळेच्या वेळेत मुलांना सोडत, एरवी नाही. 17 फेब्रुवारीला विद्यार्थ्यांनी मुलांना सोबत नेलं आणि बऱ्याच हुज्जतीनंतर आत सोडवलं. बस पुढच्या गावाला गेली नि मुलांना परत दारातून फिरवलं. चूक इथं होती: दार उघडलं, पण ठराव शाबूतच होता. 20 तारखेला बस परतली. अंडी, टमाटे अंगावर झेलत सगळे दाराशी ठाण मांडून राहिले. ठराव रद्द करण्यासाठी पावलं उचलू, असा शब्द महापौरांकडून मिळाल्यावरच ते हलले.

महाडला उलटं होतं. तळं खुलं करण्याचा ठराव नगरपालिकेने 1924 मध्येच केला होता, तो कागदावरच पडून राहिला. 20 मार्च 1927 ला बाबासाहेबांनी पाणी घेतलं, तर ऑगस्टमध्ये पालिकेने तो ठरावच मागे घेतला. न्यायालयाचा निकाल यायला 1937 उजाडलं.

पर्किन्स यांच्यावर पोस्टर करणाऱ्यांनी एक जपावं. ऑस्ट्रेलियातल्या आदिवासींना मताधिकार 1967 च्या सार्वमताने मिळाला, असं सर्रास लिहिलं जातं. ते चुकीचं आहे. केंद्रीय निवडणुकीचा मताधिकार 1962 मध्येच सर्वांना मिळाला होता. 27 मे 1967 ला 90.77 टक्के मतांनी दोन गोष्टी बदलल्या: लोकसंख्येत त्यांची मोजणी सुरू झाली आणि त्यांच्यासाठी कायदे करण्याचा अधिकार केंद्राला मिळाला. पर्किन्स 1984 मध्ये त्याच केंद्र सरकारच्या आदिवासी खात्याचे सचिव झाले.