आमच्याकडे मास्टर सचिन अजून लहानच आहे

परवा रविवारी दुपारी टीव्हीवर 'अशी ही बनवाबनवी' लागला होता. म्हणजे तो कुठल्या ना कुठल्या चॅनेलवर लागलेलाच असतो, आपण फक्त रिमोट घेऊन तिथं पोचायचं. सचिन पिळगावकर साडी नेसून सुधा झालेला, लक्ष्या पार्वती, आणि आम्ही घरातले सगळे प्रत्येक डायलॉग त्यांच्या आधी म्हणतोय. तेवढ्यात आई कुकर लावून बाहेर आली, पदराने चष्मा पुसला आणि म्हणाली, "एवढंस्सं होतं गं हे पोरगं, तंबूत बघितलं तेव्हा."

एवढंस्सं म्हणताना हात गुडघ्याच्याही खाली!

तिने बघितलेला पिक्चर 'हा माझा मार्ग एकला', १९६३ चा, राजा परांजप्यांचा. ती आठ वर्षांची, आणि पडद्यावरचं पोरगं तिच्यापेक्षा दोनेक वर्षांनी लहान. स्टोरी विचारली तर तिला धड सांगता येत नाही, पण आजी केवढी रडली आणि घरी येऊन हिला उगाचच जवळ घेऊन बसली ते मात्र बरोब्बर आठवतं. त्याच सुमारास महेश कोठारे 'छोटा जवान'मध्ये होता. पुढं जाऊन दोघांनीही मराठी पिक्चर डायरेक्ट केले आणि आमचं अख्खं बालपण त्यावर पोसलं गेलं.

मला त्या टायटल्समधल्या 'मास्टर'ची फार गंमत वाटते. मुलगा असेल तर मास्टर, मुलगी असेल तर बेबी. नाव लागतं तेव्हा कौतुक होतं, पण ते गळून कधी पडतं हे कोणी सांगत नाही, बहुतेक आवाज फुटला आणि मिसरूड दिसायला लागलं की प्रोड्यूसरचे फोनच बंद होत असणार. 'बूट पॉलिश'मधली बेबी नाझ बघा, १९५४ मध्ये काय काम केलंय त्या मुलीने, आणि मोठेपणी तिने श्रीदेवीच्या सुरुवातीच्या हिंदी पिक्चरना आवाज दिला. आवाज चालला, चेहरा नाही चालला.

सचिन मात्र त्या मधल्या दारातून कसाबसा अंग चोरून पलीकडे गेला. १९७५ सालच बघा ना. 'शोले' रिलीज झाला १५ ऑगस्टला, आणि हा अठराचा झाला १७ ऑगस्टला. त्यात तो इमामसाहेबांचा अहमद. त्याला मारलेलं आपल्याला दाखवतच नाहीत, गब्बर हातावर चढलेली मुंगी चिरडतो आणि पुढं घोड्यावरून बॉडी गावात येते. एवढ्या मोठ्या पिक्चरमध्ये याच्या मरणाचं काम एका मुंगीने केलं! आणि त्याच वर्षी राजश्रीच्या 'गीत गाता चल'मध्ये हाच हिरो, समोर सारिका, म्हणजे तीही आधीची बेबी सारिकाच. दोन माजी लहान मुलं एकमेकांच्या प्रेमात पडतायत आणि पब्लिक बघतंय.

मग 'अष्टविनायक', ज्याचं गाणं वाजल्याशिवाय आमच्या मंडळाचा गणपती अजून जागेवर बसत नाही. मग 'नदिया के पार', मग डायरेक्शन, 'नवरी मिळे नवऱ्याला', तिथेच सुप्रिया, पुढच्या वर्षी लग्न. हे सगळं तुम्हाला पाठ आहे.

माझ्या लेकीला यातलं काहीच माहीत नाही. तिच्यासाठी तो टीव्हीवरच्या नाचाच्या स्पर्धेतला महागुरू, आणि महागुरू म्हणजे मीम. त्याने मुलाखतीत स्वतःचं काहीतरी कौतुक केलं की अर्ध्या तासात तिच्या ग्रुपवर फोटो फिरायला लागतात. मीही हसते, खोटं कशाला बोलू, चार तर मीच फॉरवर्ड केलेत. पण आईचं ते एवढंस्सं ऐकलं आणि वाटलं, ज्या पोराला शाळेच्या वयापासून प्रत्येक येणाऱ्या-जाणाऱ्याने गाल ओढून "काय सुंदर काम करतोस रे" म्हटलंय, त्याला नम्रपणा शिकवायला वेळ कोणाकडे होता? आपल्या पोरांना आपण पाहुण्यांसमोर कविता म्हणायला लावतो आणि नंतर म्हणतो फार शेफारलाय. याच्याकडे तर पाहुणे अख्ख्या महाराष्ट्राचे. आत्मचरित्राचं नावसुद्धा 'हाच माझा मार्ग', म्हणजे पहिल्या पिक्चरचं बोट अजून सोडलेलं नाही.

आणि हेही सांगते, 'कट्यार काळजात घुसली'मधला त्याचा खाँसाहेब बघताना मला एकदाही महागुरू आठवला नव्हता. तो जळका, हरत आलेला माणूस त्याने फार आतून केलाय. लेकीला तो दाखवायचं ठरवलंय, बघू, ती फोन बाजूला ठेवेल तर.

तिकडं कुकरची तिसरी शिट्टी झाली तरी आई उठेना. बनवाबनवी संपला आणि लगेच जाहिरातीनंतर सचिनच्या आत्ताच्या कुठल्यातरी कार्यक्रमाची झलक आली, सूटबूट, डाय केलेले केस. आई पुढं वाकून बघत राहिली.

"वाळलाय गं," ती म्हणाली, "जेवतो की नाही वेळेवर कोण जाणे." आणि गॅस बंद करायला गेली.