माणूस तोच, ठिकाण नवं: स्पेडे पासानेनची लेखनपद्धत

वऱ्हाडी बोलीतले छोटे विनोदी व्हिडिओ करणारे नागपुरात भरपूर आहेत. त्यांच्यातल्या लिहिणाऱ्यांनी फिनलंडचा विनोदकार स्पेडे पासानेन याचं काम जरूर अभ्यासावं. १९३० साली कुओपिओत जन्मलेला हा माणूस रेडिओवरून पुढे आला. लेखन, अभिनय, दिग्दर्शन आणि निर्मिती, चारही कामं त्याने केली. १९६४ चा ‘एक्स-पारोनी’ त्याने रिस्तो यार्वा आणि याक्को पाक्कासव्हिर्ता यांच्यासोबत दिग्दर्शित केला. पुढचे चित्रपट मात्र स्वतःच्या कंपनीतून काढले.

खरं शिकण्यासारखं आहे ते ऊनो तुर्हापुरो या पात्राच्या बांधणीत. १९७१ साली टीव्हीवरच्या प्रहसनांत ऊनो आला, १९७३ मध्ये पडद्यावर. जाळीदार बनियान, पडलेले दात, वाढलेली दाढी, आणि फ्रिज दिसला की तो रिकामा करणं. वेश एकदा ठरला तो ठरलाच. भोवतीची माणसंही पक्की: श्रीमंत घरची बायको एलिझाबेथ, जावयाला कसं घालवावं याच विवंचनेतला सासरा, आणि गॅरेजवाले दोन मित्र. त्यातला एक स्वतः स्पेडे, दुसरा सिमो साल्मिनेन. ऊनोला आयतं खायचंय, सासऱ्याला तो नकोय, बायको त्याला सोडत नाही. एवढी ओढाताण आधीच तयार असल्यावर प्रत्येक प्रसंग पहिल्या वाक्यापासून पळतो.

मग बदलायचं काय? ठिकाण. १९८४ मध्ये ऊनो सैन्यात गेला, १९८६ मध्ये खेड्यात, १९९२ मध्ये थेट राष्ट्राध्यक्षपदापर्यंत. सैन्याच्या चित्रपटाची सुमारे साडेसात लाख तिकिटं खपली, आणि देशाची लोकसंख्या तेव्हा पन्नास लाखांच्या आत होती! समीक्षकांनी हे चित्रपट झोडपले, लोक येत राहिले.

आपल्याकडे फसतं ते नेमकं इथे. ‘काय करून राह्यला बे?’ म्हटलं की हशा येतो, म्हणून लिहिणारा तिथेच थांबतो. समोरच्याला काहीच हवं नसतं, तो फक्त ऐकायला उभा. दर भागात शर्ट नवा, नाव नवं, त्यामुळे पात्र कुणाच्या लक्षात राहत नाही. आधी कागदावर तीन ओळी लिहा: नायकाला काय हवंय, कोण आडवं येतंय, आणि दोघांना एकमेकांपासून सुटता का येत नाही. तिसरी ओळ सगळ्यात अवघड, आणि बहुतेक संहितांत तीच नसते. ती जमली की तोच माणूस आरटीओच्या रांगेत, सीताबर्डीच्या गर्दीत, मंगल कार्यालयाच्या पंगतीत नेऊन सोडा.

नट निवडताना चेहऱ्यापेक्षा ताकद बघा. ऊनो करणारा वेसा-मात्ती लोइरी उत्तम गायक आणि बासरीवादक होता. कवी एइनो लेइनोच्या कवितांचं त्याचं गायन फिनलंडमध्ये आजही आदराने ऐकलं जातं. १९८० च्या युरोव्हिजन या युरोपातल्या गाण्याच्या स्पर्धेतही तो देशातर्फे गायला. त्याला लय कळत होती, म्हणून नुसतं फ्रिज रिकामं करण्यावर तो अख्खा प्रसंग ओढून न्यायचा.