बांतान लाइन आणि हाशिमोतो

हिमेजीला उतरलेली गर्दी सरळ पांढऱ्या किल्ल्याकडे निघते. किल्ला मी आदल्या दिवशीच पाहून घेतला होता. आज जायचं होतं इचिकावा गावाला, म्हणून बांतान लाइनची गाडी पकडली. एकेरी रूळ, मोजके डबे, खिडकीबाहेर नदी आणि भातखाचरं. जपानी पटकथाकार शिनोबू हाशिमोतो तरुणपणी हिमेजीतल्या एका कंपनीत नोकरीला होते आणि याच मार्गावर जाता-येता गाडीत पटकथा लिहीत. कर्जतहून रोज मुंबई गाठणारा एखादा कारकून मांडीवर पॅड घेऊन लिहीत बसावा, तसं.

लिहिण्याचा नाद लागला तो क्षयामुळे. १९३८मध्ये सैन्यात भरती झाले आणि आजारी पडून ओकायामाच्या सैनिकी आरोग्यधामात पोचले. शेजारच्या रुग्णाने सिनेमाचं एक मासिक वाचायला दिलं. त्यातली पटकथा वाचून यांना वाटलं, एवढंच? हे तर मलाही जमेल! जपानमधला सगळ्यात चांगला पटकथाकार कोण, असं विचारल्यावर नाव कळलं मानसाकू इतामी. मग स्वतः लिहिलेलं थेट इतामींनाच पाठवलं. नवख्याचा आगाऊपणा समजू शकतो. इतामींनी उत्तर पाठवलं, याचं मला जास्त अप्रूप वाटतं.

अमाजी स्टेशनावर उतरलो. जपानी बनावटीचे गोल्फ आयर्न, म्हणजे गोल्फच्या धातूच्या डोक्याच्या काठ्या, पहिल्यांदा याच गावात तयार झाले, त्यामुळे गाव त्यासाठीही ओळखलं जातं. हाशिमोतोंचं संग्रहालय गावच्या सांस्कृतिक केंद्रातच आहे. 'राशोमोन', 'इकिरू', 'सेव्हन सामुराय', 'हाराकिरी'... एका माणसाच्या नावावर इतकं काही असू शकतं, हे तिथे उभं राहिल्यावर खरं वाटेना.

'सेव्हन सामुराय' अतामीच्या एका सरायीत लिहिला गेला. त्याआधी एका सामुराईच्या एका दिवसावरची कथा सोडून द्यावी लागली होती, कारण त्या काळी सामुराई दुपारचा डबा नेत की नाही, याचा पुरावाच मिळेना! अतामीत दिग्दर्शक अकिरा कुरोसावा आणि हाशिमोतो एकच प्रसंग वेगवेगळा लिहीत. तिसरे पटकथाकार हिदेओ ओगुनी स्वतः लिहीत नसत. ते वाचून निवाडा करत. जमलं नसेल तर पुन्हा.

मला मात्र निर्माते हाशिमोतो अधिक खुणावतात. 'सुना नो उत्सुवा'ची पटकथा स्टुडिओने वर्षानुवर्षं अडवून ठेवली, तेव्हा १९७३मध्ये त्यांनी स्वतःची निर्मितीसंस्था काढली आणि पुढच्याच वर्षी सिनेमा पडद्यावर आणला. मूळ कादंबरीत कुष्ठरोगी बाप आणि त्याच्या मुलाच्या भटकंतीला जेमतेम काही ओळी आहेत. सिनेमात तीच भटकंती ऋतूंमागून ऋतू चालते आणि प्रेक्षकाला रडवून सोडते. मूळ कथा म्हणजे बैल. कुंपणाबाहेरून रोज निरखायचा, मर्म सापडलं की एका घावात लोळवायचा आणि फक्त रक्त घ्यायचं, असं ते म्हणत. रीत क्रूर खरी, पण फळली. १९७७चा 'हाक्कोदासान' तर त्या वर्षी कमाईत जपानी सिनेमांमध्ये अव्वल ठरला. १९०२मध्ये बर्फात अडकलेल्या २१० सैनिकांपैकी १९९ दगावले, ती ही गोष्ट.

परतताना हिमेजीहून पूर्वेकडची गाडी धरली आणि बिवा सरोवराच्या काठी ओगोतोला उतरलो. १९८२च्या 'माबोरोशी नो मिझुउमी'ची नायिका इथलीच. कुत्र्याला मारणाऱ्याचा सूड घ्यायचा म्हणून ती धावत सुटते आणि कथा चक्क अवकाशयानापर्यंत जाऊन पोचते. थिएटरांनी सिनेमा लवकरच उतरवला. लेखन त्यांचं, दिग्दर्शन त्यांचं, निर्मितीतही तेच. अतामीच्या खोलीतला ओगुनी इथे कुठून असणार? तरीही मिळाला तर जरूर बघा. इतक्या आत्मविश्वासाने फसलेला सिनेमा मी दुसरा पाहिलेला नाही.