देपाँत वाचायचीय, पण सुरुवात कुठून?

तुम्ही विचारलंत म्हणून सांगते. विर्जिनी देपाँत या फ्रेंच लेखिकेचं नाव काढलं की पुढचा प्रश्न ठरलेलाच, 'आधी तो बॅन झालेला पिक्चर बघू की पुस्तक वाचू?' दोन्ही राहू द्या, आधी तिची 'व्हर्नॉन सुब्युटेक्स' ही कादंबरी घ्या.

पिक्चरचं थोडक्यात. १९९३ च्या आपल्याच पहिल्या कादंबरीवर तिने कोराली त्रिन्ह थीला सोबत घेऊन २००० साली 'बेझ-मुआ' काढला, दोन बायका माणसं मारत सुटतात, साध्या व्हिडिओ कॅमेऱ्यावर शूट केलेला, सेक्स खराखुरा, हिरॉइनी पॉर्नमधून आलेल्या. रिलीजनंतर दोनच दिवसांत तिथल्या वरिष्ठ कोर्टाने सर्टिफिकेट उडवलं. तेव्हा फ्रान्समध्ये १६ वर्षांवरच्यांसाठी नाहीतर थेट पॉर्नचा शिक्का, मधलं काही नव्हतंच! शेवटी २००१ मध्ये नियम बदलून १८ ची पायरी परत आणली आणि हा सुटला. पण पिक्चर म्हणून कच्चाच आहे हो, राग भरपूर, माणसं पुसट. (हीच बाई २०१६ ला गोंकूर अकादमीत, म्हणजे फ्रान्सचं मोठं साहित्य पारितोषिक देणाऱ्या मंडळात, जाऊन बसली, इतरांना बक्षिसं वाटायला, आणि २०२० ला बाहेर पडली.)

व्हर्नॉनमध्ये मात्र माणसंच माणसं. नायक व्हर्नॉन, पॅरिसमधलं त्याचं 'रिव्हॉल्व्हर' नावाचं रेकॉर्डचं दुकान बंद पडलंय, घरभाडं भरणारा रॉकस्टार मित्र मरतो, घर जातं, मग हा जुन्या ओळखी उकरून, कॅनडाहून आलोय अशा थापा मारत एकेकाच्या सोफ्यावर मुक्काम टाकत फिरतो. देपाँतने स्वतः रेकॉर्डच्या दुकानात काम केलंय, ते कळतं. आणि दर वेळी आपण वेगळ्याच डोक्यात शिरतो. झाव्हिए नावाचा पडेल पटकथालेखक सगळ्या जगावर जळफळत असतो, आपण वाचता वाचता मान डोलावतो आणि मग कळतं की अरे, आपण कुणाला हो म्हणतोय! बायकोला मारणारा पात्रीसही असाच आतून दिसतो, त्याला वाईट ठरवायचं काम ती आपल्यावरच सोडते. मला विचाराल तर पिक्चरमधल्या रक्तापेक्षा हे जास्त बोचतं.

२०१५ ते २०१७, तीन भाग, इंग्रजीत मिळतात. पहिल्याच्या शेवटी व्हर्नॉन पार रस्त्यावर आलेला असतो, त्यामुळे दुसरा हाताशी ठेवूनच बसा. तिसरा मला जरा ताणलेला वाटला, पण तोवर तुम्ही काही थांबणार नाही.