तुम्ही विचारलंत म्हणून: ‘लॉक्युलर’ म्हणजे नेमकं काय?

मी वनस्पतिशास्त्र शिकवते हे कळलं की लोक बहुतेक वेळा कुंडीतल्या झाडांबद्दल विचारतात. पण एक प्रश्न दरवर्षी न चुकता येतो, आणि तो फक्त वर्गातून येत नाही. अकरावीची मुलं विचारतात, ‘मॅडम, युनिलॉक्युलर, बायलॉक्युलर, ट्रायलॉक्युलर हे सगळं पाठच करायचं का?’ नीटच्या धास्तीनं त्यांचे पालकही हेच विचारतात. आणि मधूनच ओळखीचं कुणीतरी सोनोग्राफीचा रिपोर्ट पुढे धरतं: ‘हा शब्द तुम्ही शिकवता ना? मग इथे काय करतोय?’

‘लॉक्युलर’ म्हणजे कप्पे असलेलं. लॅटिनमध्ये ‘लोकस’ म्हणजे जागा आणि ‘लोक्युलस’ म्हणजे छोटी जागा, खण. रोमच्या जुन्या भुयारी दफनभूमीत भिंतीत एकावर एक कोरलेले खण आहेत, त्यांनाही लोक्युलस म्हणतात. पुढे लागणारा युनि, बाय, ट्राय, मल्टि हा नुसता आकडा: एक, दोन, तीन, अनेक. फुलाच्या तळाशी जे किंजपुट असतं, ज्याचं पुढे फळ होतं, त्याच्या पोटात किती कप्पे आहेत ते हे विशेषण सांगतं.

एवढं दोन ओळींत सांगून होतं. पण मुलं तेवढंच लिहून घेतात आणि पुढच्या आठवड्यात विसरतात, म्हणून मी त्यांना भेंडी आणायला सांगते. भेंडीचे ठसे लहानपणी चित्रकलेच्या तासाला सगळ्यांनीच उमटवलेले असतात. तो पाच टोकांचा तारा म्हणजे पाच कप्पे. प्रत्येक कप्प्यात बियांची उभी ओळ आणि दोन कप्प्यांच्या मध्ये पातळ पडदा. भेंडीच्या जवळचीच जास्वंद. तिच्या फुलाचा तळ ब्लेडनं आडवा कापला तर तिथेही पाच कप्पे दिसतात. इथे ‘आडवा’ हा शब्द महत्त्वाचा. उभ्या चिरलेल्या फळात कप्पे मोजता येत नाहीत, आणि परीक्षेतल्या निम्म्या चुका मला वाटतं इथूनच सुरू होतात, कारण मुलांनी फळ आडवं कापलेलं कधी पाहिलेलंच नसतं.

हे कप्पे होतात कसे, ते कळलं की पाठांतराची गरज बरीचशी संपते. विड्याचं पान मधल्या शिरेवर दुमडून दोन्ही कडा जुळवल्या तर आत जशी पोकळी राहते, तसं एक किंजदल समजा, म्हणजे किंजपुट ज्या पानासारख्या भागांचं बनतं त्यातला एक भाग. वाटाण्याची शेंग म्हणजे असं एकच किंजदल. कडा जुळल्या त्या शिवणीवर दाणे, आणि आत एकच कप्पा. आता अशी पाच दुमडलेली किंजदलं गोलाकार उभी करून एकमेकांना चिकटवली की भेंडी झाली. शेजारच्या दोन किंजदलांच्या बाजू मिळून एक पडदा होतो, म्हणजे तो मुळात दुहेरी असतो. पाचांच्या कडा मधोमध येऊन भिडतात, म्हणून बियाही मधल्या अक्षाला लागतात.

मग किंजदलं मोजली की कप्पे कळले, असं म्हणावंसं वाटतं. तसं मात्र नाही, आणि या शब्दावर माझं प्रेम जडलं ते याच ठिकाणी. कप्पे सारखेच दिसले तरी भिंती एकाच तऱ्हेनं आलेल्या नसतात.

मोहरी घ्या. वाळलेली शेंग बोटांत धरून हलकेच चोळली की दोन्ही बाजूंची टरफलं निघून येतात आणि मधे एक चौकट उरते, तिच्यावर कागदासारखा पारदर्शक पडदा ताणलेला. मोहरीची मळणी पाहिलेल्यांना हा पडदा माहीत आहे. शेंगेत दोन कप्पे दिसतात, पण मूळ किंजपुट एकाच कप्प्याचं. दोन किंजदलं नुसती कडेकडेनं जुळली, आत दुमडली नाहीत. मधला पडदा नंतर, बिया जिथे लागतात त्या कडांपासून वाढत वाढत पलीकडे पोचला. पुस्तकं त्याला खोटा पडदा म्हणतात. मला ते नाव फारसं आवडत नाही. पडदा खराच आहे, फक्त किंजदलांच्या बाजूंचा नाही. धोतऱ्यातही असंच. दोन किंजदलांचे दोन कप्पे, मग नव्या पडद्यानं त्यांची वाटणी, आणि काटेरी बोंडाच्या खालच्या भागात चार कप्पे.

उलटही घडतं. डायॲन्थसच्या, म्हणजे कार्नेशनसारख्या फुलांच्या, कोवळ्या किंजपुटात तळाशी पडदे असतात, पुढे ते विरून जातात. मधला खांब बियांसकट तसाच उभा राहतो आणि सभोवती एकच मोकळी पोकळी. भिंत होती याची खूण फक्त अगदी कोवळी कळी कापणाऱ्याला सापडते. काकडीत तर डोळेच फसतात. चकती केली की तीन भाग स्पष्ट दिसतात, पण काकडीच्या कुळात किंजपुट एकाच कप्प्याचं मानतात. ज्या उतींवर बिया लागतात त्या बाहेरच्या भिंतीवरून निघून मध्यापर्यंत घुसतात आणि परत वळतात, म्हणून तीन खोल्या झाल्यासारख्या वाटतात.

तेव्हा मुलांनो, कप्पे मोजा, पण त्यानंतर विचारा की ही भिंत कुणी घातली. ‘लॉक्युलर’ या शब्दाचा सगळा उपयोग या दुसऱ्या प्रश्नापर्यंत पोचवण्यात आहे.

हे सगळं एकाच फळात दाखवायचं तर मी संत्रं घेते. सोलल्यावर हातात येते ती प्रत्येक फोड म्हणजे एक कप्पा, एक किंजदल. साधारण दहा फोडी असतात, कमीजास्त होतात. फोडीवरचं पातळ पापुद्र्याचं आवरण म्हणजे दोन कप्प्यांमधल्या पडद्याची आपल्या बाजूची अर्धी भिंत. पडदा दुहेरी असतो असं वर म्हटलं, संत्रं सोलताना तो आपोआप सुटा होतो, म्हणून तर फोडी अख्ख्या निघतात. आणि आतला रस? रसाच्या त्या चिमुकल्या पिशव्या म्हणजे कप्प्याच्या आतल्या भिंतीवर उगवलेले केस. फूल लहान असतं तेव्हा कप्पा रिकामा असतो. मग बाहेरच्या बाजूच्या भिंतीवरून हे केस आत वाढायला लागतात, रसानं फुगतात आणि सगळी पोकळी भरून टाकतात. बिया मात्र फोडीच्या आतल्या, मध्याकडच्या टोकालाच राहतात. नागपुरी संत्र्याची फोड उजेडात धरली तर पिशव्यांची निमुळती टोकं बियांकडे वळलेली दिसतात. वर्गात कितीही वेळा दाखवलं तरी मुलं इथे गप्प होतात, आणि मला हा तास सगळ्यात प्रिय आहे.

केळं त्याहून सोपं. सोललेल्या केळ्याच्या टोकावर अंगठा ठेवून अलगद दाबलं तर ते उभं तीन भागांत उकलतं. केळ्याच्या किंजपुटात तीन कप्पे, बिया धरत नाहीत एवढंच. नारळातही तीन. पण तिघांपैकी एकाच कप्प्यात बी वाढतं, बाकीचे दोन मिटून जातात. करवंटीवरचे तीन डोळे ही त्या तीन किंजदलांची आठवण. त्यातला एक डोळा मऊ असतो. कोंब येतो तो तिथूनच.

ढोबळी मिरचीबद्दल एक गैरसमज मोबाइलवर सारखा फिरतो, तो इथेच निकालात काढते. खाली तीन फुगवटे असलेली मिरची नर, चार असलेली मादी, एक शिजवायची आणि दुसरी कच्ची खायची, असं त्यात असतं. मिरचीचं फूल द्विलिंगी असतं आणि फळ कुठलंही असो, ते फुलाच्या किंजपुटाचंच होतं. नर फळ अशी वस्तूच नाही. ते फुगवटे म्हणजे कप्पे. तीन किंवा चार होणं वाणावर आणि फूल घडताना जे झालं त्यावर ठरतं. लिंगाचा संबंध नाही.

कप्पे कमीजास्त का होतात, हे टोमॅटोत फार छान उलगडलंय. रानटी, बोराएवढ्या टोमॅटोत बहुधा दोनच कप्पे. भाजीच्या टोमॅटोत जास्त, आणि परदेशातल्या त्या मोठ्या खाचदार टोमॅटोत आणखी बरेच. फूल घडवणाऱ्या टोकावर सतत विभागणाऱ्या पेशींचा एक पुंजका असतो. ‘वुशेल’ नावाचं जनुक तो वाढता ठेवतं आणि ‘क्लॅव्हाटा-3’ त्याला आवर घालतं. आवर सैल पडला की पुंजका मोठा होतो, किंजदलांना जागा जास्त मिळते आणि कप्पे वाढतात. मोठ्या टोमॅटोत गुणसूत्राचा सुमारे 2,94,000 बेसचा (डीएनएच्या अक्षरांचा) एक तुकडा उलटा बसलेला सापडला आणि त्यानं ‘क्लॅव्हाटा-3’चं काम मंदावलं होतं. शेतकऱ्यांनी पिढ्यानपिढ्या मोठं फळ बियाण्याला ठेवलं, त्याबरोबर हा उलटा तुकडाही निवडला गेला.

आपल्याकडे मात्र कप्प्याचा हिशेब सगळ्यात कडक लागतो तो कपाशीत. ती भेंडीच्याच कुळातली. बोंडात तीन ते पाच कप्पे, प्रत्येकात सरकीची ओळ आणि तिच्यावरचा कापूस. बोंड पिकलं की ते पडद्यांवर फाटत नाही, प्रत्येक कप्प्याच्या पाठीवर मधोमध उकलतं. या उकलण्याला ‘लॉक्युलिसायडल’ म्हणतात, आणि जवसासारखी बोंडं पडद्यांच्या रेषेवर सुटी होतात त्याला ‘सेप्टिसायडल’. मुलांना हे दोन शब्द नेहमी उलटसुलट होतात. उमललेलं बोंड हातात घ्या: फट कापसाच्या बरोबर समोर आहे, म्हणजे कप्पा उघडलाय. वेचणी करणाऱ्या बाईला त्यामुळेच कापूस बोटांनी सरळ ओढता येतो.

2017 च्या हंगामात गुलाबी बोंडअळीनं विदर्भ-मराठवाड्यात काय केलं ते आठवा. ही अळी कोवळ्या बोंडात शिरते, शिरल्याचं छिद्र भरून येतं आणि बाहेरून बोंड चांगलं दिसतं. आत ती एका कप्प्यातली सरकी खाते आणि पडदा पोखरून शेजारच्या कप्प्यात जाते. बोंड फोडून पडद्यातलं ते गोल भोक शोधणं ही तिची खात्रीची खूण. नासलेला कप्पा नीट उमलत नाही, कापूस पिवळट आणि घट्ट राहतो, त्याची कवडी होते. म्हणून अर्धवट उमललेली बोंडं दिसली की वर्ग थांबवून मी ती फोडायला लावते. पुस्तकातला ‘पेंटालॉक्युलर’, म्हणजे पाच कप्प्यांचा, हा शब्द शेतकऱ्याच्या मुलाला तेव्हा कुठे आपला वाटतो.

आता रिपोर्टाबद्दल. मी डॉक्टर नाही, पण शब्दाचा अर्थ तोच आहे. ‘युनिलॉक्युलर सिस्ट’ म्हणजे आत एकच पोकळी असलेली गाठ, ‘मल्टिलॉक्युलर’ म्हणजे पडद्यांनी अनेक भाग पडलेली. हे वर्णन आहे, निदान नाही. भिंतीची जाडी, आत घन भाग आहे का, रक्तपुरवठा कसा आहे, हे सगळं पाहून डॉक्टर ठरवतात. छातीत पाणी झाल्यावर रिपोर्टात ‘लॉक्युलेटेड’ लिहिलं असेल तर त्याचा अर्थ पाणी सलग राहिलेलं नाही. क्षयात किंवा पू झाल्यावर फायब्रिनचे (रक्त गोठवणाऱ्या प्रथिनाचे) धागे जमून पडदे होतात आणि पाणी कप्प्याकप्प्यांत अडकतं. मग एका नळीनं एकच कप्पा रिकामा होतो, बाकीचे तसेच राहतात. म्हणून नळीतून पडदे विरघळवणारं औषध सोडतात किंवा दुर्बिणीतून ते मोकळे करतात. इथेही डॉक्टरांच्या मनात प्रश्न तोच: ही भिंत जन्मजात की आजारानं घातलेली, आणि ती निघण्यासारखी आहे का?

त्याच रिपोर्टात कधी ‘सेप्टेटेड’, म्हणजे पडदे असलेलं, असं असतं. तो वेगळा आजार नव्हे. एकानं पडदा पाहून नाव दिलं, दुसऱ्यानं कप्पा पाहून. बुरशीच्या बाबतीत मात्र ‘सेप्टेट’च म्हणतात, कारण तिच्या धाग्यात महत्त्व पडद्याला. 2021 मध्ये ‘ब्लॅक फंगस’नं महाराष्ट्रात हाहाकार केला तेव्हा सूक्ष्मदर्शकाखाली पहिला प्रश्न हाच होता. ब्लॅक फंगस म्हणजे म्युकर, तिचे धागे रुंद आणि जवळजवळ बिनपडद्यांचे, ॲस्परजिलस या दुसऱ्या बुरशीचे बारीक आणि पडदेदार. म्युकरवर व्होरिकोनॅझोल हे औषध चालत नाही, ॲम्फोटेरिसिन लागतं. धाग्यातला पडदा पाहून पुढच्या तपासाची आणि औषधाची दिशा धरावी लागत होती.

परीक्षेसाठी शेवटचं. लवंगी नको, जाड बुडाची मोठी मिरची घ्या आणि तीन ठिकाणी आडवी कापा: देठाजवळ, मध्यावर आणि टोकाकडे. देठाजवळ पडदा पुरा असतो आणि कप्पे वेगळे दिसतात, पुढे तो मध्येच सुटतो आणि टोकाकडे एकच पोकळी राहते. पेपरात ‘मिरचीचं किंजपुट किती कप्प्यांचं’ असं विचारलं तर पुस्तकातलं कुळाचं उत्तर लिहा, दोन. वहीत मात्र तिन्ही कापांची चित्रं काढा आणि प्रत्येकाखाली कुठून कापलं ते लिहा.