आंबोलीत पतंग ओरडतो तेव्हा

आंबोलीचे पहिले दोन दिवस धुक्यात आणि धबधब्याच्या गर्दीत गेले, त्यावर लिहिण्यासारखं काही नाही. लिहायचंय ते तिसऱ्या रात्रीबद्दल. पतंग बघायला दिव्यापुढे बांधलेल्या पांढऱ्या पडद्यावर ॲकेराँशिया लॅकेसिस नावाचा पतंग येऊन बसला, कोणीतरी त्याला काडीने डिवचलं आणि तो चक्क ओरडला. उंदराच्या पिल्लासारखं, चीं!

हा आपल्याकडचा मोठा हॉक मॉथ (पतंगांचं एक कुळ). पंख पसरले की 13 सेंटीमीटरपर्यंत भरतो आणि पाठीवर कवटीसारखी पिवळट खूण. ‘पंख घासून आवाज काढतो’ असं तिथेच कोणीतरी ठोकून दिलं. साफ चूक. आवाज तोंडातून येतो. घशाची पोकळी फुगवून तो हवा आत ओढतो, तेव्हा तोंडातली एक झडप थरथरते; मग तीच हवा बाहेर सोडताना बारीक शिटी वाजते. दोन्ही मिळून सेकंदाचा जेमतेम पाचवा हिस्सा, म्हणून कानाला एकच चीत्कार वाटतो.

सोंडही बघण्यासारखी. बऱ्याच हॉक मॉथची सोंड लांबलचक, फुलांसाठी केलेली. याची आखूड, जाड, टोकाला अणकुचीदार. मधाच्या पोळ्याचं मेणाचं झाकण फोडायला नेमकी अशीच लागते. याचा युरोप-आफ्रिकेतला भाऊबंद, ॲट्रोपॉस, अंगावर मधमाश्यांच्या कातडीवरचीच चार मेदाम्लं बाळगतो, त्यामुळे पोळ्यात शिरला तरी माश्यांना परका वाटत नाही.

आपल्याकडे याचा दुसरा भाऊबंद, स्टिक्सही दिसतो, तीळ पिकवणाऱ्यांना त्याची अळी चांगलीच ठाऊक असते. दोघांत गोंधळ होतो. मागच्या पंखाच्या मुळाशी मोठा काळा डाग असेल तर लॅकेसिस. तिथे पिवळाच रंग असेल तर स्टिक्स.

आता तक्रार. पडदा सुती, ताणून बांधलेला हवा आणि खालची दीडेक फूट कड जमिनीवर पसरून दगडांनी दाबायची, कारण जड पतंग घसरून खालीच पडतात आणि पायाखाली येतात. आजूबाजूचे बाकी दिवे बंद. आमच्या मुक्कामी व्हरांड्याची ट्यूब ‘गेस्ट घाबरतात’ म्हणून रात्रभर चालू. निम्मे पतंग तिकडे, आणि ट्यूबमागच्या पालींची दिवाळी! पाऱ्याचा दिवा असेल तर वर छप्पर हवंच; तापलेल्या काचेवर पावसाचा थेंब पडला की ती तडकते. अतिनील एलईडीला ही कटकट नाही.

पतंग पंख थरथरवू लागला की तो घाबरलेला नसतो, उडण्याआधी छातीचे स्नायू तापवत असतो. तेव्हा फोन नाकाशी नेऊ नका, आणि हात तर लावूच नका. ती कवटी म्हणजे नुसते खवले आणि केस, बोट फिरवलं की पुसली जाते.

अळी बघायची तर दिवसा घाणेरीच्या झुडपाखाली जाड, खाचा पडलेल्या लेंड्या शोधा आणि मग सरळ वर बघा. हिरवी, पिवळी किंवा तपकिरी, बोटापेक्षा लांब, शेपटाकडे वळणदार शिंग. डिवचली तर जबडे कटकट वाजवते. कोष करायला मात्र झाडावर थांबत नाही, मातीत शिरते.

आणि पडदा पहाटेपर्यंत तसाच सोडू नका. झुंजुमुंजू व्हायच्या आत दिवा घालवून, कापड हलकेच झटकून पतंग झाडीत सोडायचे असतात. आमच्याकडे ते राहिलं. उजाडलं तेव्हा दोरीवर कोतवाल पक्षी बसला होता आणि खाली नुसते पंख.